मगरींची गणती, घरटी आणि काठावरची माणसं

नद्या आणि पाणथळींतल्या मगरींविषयी वाचकांनी विचारलेल्या प्रश्नांपैकी निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरं. एकाच आशयाचे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : अमुक नदीत इतक्या मगरी आहेत, असे आकडे छापून येतात. पाण्याखाली राहणारा प्राणी मोजतात कसा? आणि दरवर्षी आकडा वरखाली होतो, तो खरा मानायचा का?

उत्तर : मोजणी रात्री होते, होडीतून, विजेरीच्या उजेडात. मगरीच्या डोळ्यात दृष्टिपटलाच्या मागे प्रकाश परत फेकणारा एक थर असतो. विजेरीचा झोत पडला की डोळा निखाऱ्यासारखा तांबूस-नारिंगी चमकतो. हा प्रकाश जिथून आला तिथेच परत जातो, म्हणून विजेरी मोजणाऱ्याच्या डोळ्यांच्या रेषेत हवी. कपाळावर बांधलेली असावी, नाहीतर गालाशी धरावी. कमरेशी धरलेल्या विजेरीची चमक डोळ्यांपर्यंत पोचतच नाही, आणि नवख्यांच्या मोजणीत मगरी निसटतात त्या बहुतेक इथेच.

पूर्ण अंधार पडल्यावर निघायचं. होडीचा वेग सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच. एकाने झोत फिरवायचा, दुसऱ्याने लिहायचं, तिसऱ्याने होडी सांभाळायची; झोत फिरवणाऱ्यानेच लिहायला घेतलं की तेवढ्या वेळात दोन डोळे मागे राहतात. डोळा दिसला की शक्य तितकं जवळ जाऊन लांबीचा अंदाज घ्यायचा. डोक्याची लांबी आणि एकूण लांबी यांचं प्रमाण ढोबळमानाने एकास सात असतं, म्हणजे ३० सें.मी.चं डोकं दिसलं तर मगर दोन मीटरच्या आसपास. जवळ जाण्याआधीच बुडी मारली तर नोंद ‘फक्त डोळे’ अशी करायची, अंदाजपंचे लांबी लिहायची नाही. बुजलेल्या मगरी बहुधा मोठ्याच असतात. त्यांच्यापुढे मनाने आकडे टाकले की सगळा तक्ताच बिघडतो.

आता आकड्याच्या खरेपणाबद्दल. रात्री दिसतात त्या एकूण मगरींपैकी काहीच. बाकीच्या पाण्याखाली, वेलींच्या आड किंवा काठाच्या बिळात असतात. त्यामुळे हा आकडा लोकसंख्या नव्हे, तो निर्देशांक आहे, म्हणजे वाढ-घट दाखवणारं माप, आणि तो दर किलोमीटरमागे किती असाच मांडायला हवा. दोन वर्षांची तुलना करायची तर नदीचा पट्टा, महिना, पाण्याची पातळी आणि होडीचा वेग तेच हवेत. खाडीत ओहोटीलाच मोजावं, कारण चिखलाचे काठ उघडे पडतात तेव्हाच मगरी नजरेस येतात. वारा, लाटा, पाऊस किंवा चढलेलं पाणी यांपैकी काहीही असेल तर आकडा खाली येतो आणि ‘मगरी घटल्या’ अशी बातमी होते. त्या वर्षी जन्मलेली पिल्लं नेहमी वेगळी लिहावीत. एका घरट्याची तीस पिल्लं एका वळणावर सापडली की बेरीज फुगते, आणि वर्षभरात त्यांतली बहुतेक उरलेली नसतात.

घडियालाची, म्हणजे लांब अरुंद जबड्याच्या मगरीची, पद्धत वेगळी. थंडीत स्वच्छ उन्हाच्या दिवशी घडियाल वाळूवर येऊन पडतात, तेव्हा त्यांची दिवसाच गणती होते. पण आमच्या मते सगळ्यांत भरवशाचा आकडा घरट्यांचा. घडियालाची मादी वर्षाला एकदाच अंडी घालते, म्हणजे जितकी घरटी तितक्या वीणक्षम माद्या. ‘पाचशे मगरी’ या वाक्यापेक्षा ‘यंदा तीस घरटी’ हे वाक्य नदीबद्दल जास्त सांगतं.

प्रश्न : मगर, सुसर, घडियाल यांत नेमका फरक काय?

उत्तर : बोलीभाषेत ही नावं एकमेकांच्या जागी सर्रास वापरली जातात, म्हणून नावापेक्षा जबडा बघा. घडियालाचा जबडा लांब, काठीसारखा अरुंद, फक्त माशांसाठी घडलेला. वयात आलेल्या नराच्या नाकपुडीवर घड्यासारखा उंचवटा येतो, नाव त्यावरूनच पडलं. गोड्या पाण्यातल्या भारतीय मगरीचा जबडा रुंद आणि आखूड. खाऱ्या पाण्यातली मगर आकाराने सगळ्यांत मोठी, खाडी आणि खारफुटीत राहणारी. अमेरिका आणि चीनमधले ॲलिगेटर हे वेगळं कुळ. तोंड मिटलं की त्यांच्या खालच्या जबड्यातला मोठा चौथा दात वरच्या जबड्याच्या आत जातो, मगरीचा बाहेर दिसत राहतो.

प्रश्न : नदीकाठच्या वाळूत मगरीची अंडी असल्याचं लक्षात आलं. कोल्हे, घोरपडी उकरून खातात. अंडी काढून सुरक्षित जागी उबवावीत का? कशी?

उत्तर : आधी कायदा. भारतात १९७२ च्या वन्यजीव (संरक्षण) कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत मगरी आहेत. अंड्याला हात लावायलासुद्धा वनखात्याची लेखी परवानगी लागते. इतर बहुतेक देशांतही हीच स्थिती आहे.

परवानगी असली तरी पहिला पर्याय घरटं जागेवरच राखण्याचा. घरट्यावर लोखंडी जाळी आडवी पसरून तिच्या कडा वाळूत खोल गाडल्या की कोल्हा उकरू शकत नाही. मात्र एक चूक वारंवार होते. जाळी लावली जाते, ती काढायची कोणाला आठवत नाही. पिल्लं अंड्यातूनच आवाज देतात, तो ऐकून आई वाळू उकरते आणि पिल्लं तोंडात धरून पाण्यात नेते. वरची वाळू वाळून घट्ट झालेली असते, ती आपल्या बळावर फोडणं पिल्लांना बहुधा जमत नाही. जी जाळी कोल्ह्याला अडवते तीच आईलाही अडवते. म्हणून अंडी घातल्याची तारीख लिहून ठेवा आणि अपेक्षित दिवसाच्या निदान आठवडाभर आधी जाळी उचला. गोड्या पाण्यातल्या मगरीची अंडी उष्णतेनुसार साधारण ५५ ते ७५ दिवसांत फुटतात.

पुराची रेषा घरट्याच्या वर असेल, किंवा धरणाचं पाणी सुटणार असेल, तरच अंडी हलवणं योग्य. अंड्यांना कवचाच्या छिद्रांतून हवा लागते. काही तास पाण्याखाली राहिली की आतला जीव गुदमरतो.

हलवताना सगळा खेळ अंड्याच्या वरच्या बाजूचा. कोंबडीचं अंडं उबवताना फिरवत राहावं लागतं, मगरीचं फिरवलं की मेलं. ताजं अंडं उजेडासमोर धरलं तर सगळीकडून सारखं अर्धपारदर्शक दिसतं. घातल्यापासून साधारण एका दिवसात माथ्यावर खडूसारखा पांढरा ठिपका उमटतो. त्याच्याखाली गर्भ कवचाच्या आतल्या पापुद्र्याला चिकटलेला असतो. पुढच्या दिवसांत ठिपका पसरून अंड्याच्या पोटाभोवती पट्टा तयार होतो. ठिपका उमटल्यानंतर अंडं उलटं झालं की बलकाचा भार गर्भावर येतो, पापुद्रे फाटतात. बाहेरून मात्र काहीच दिसत नाही, महिन्याभराने अंडं नासतं तेव्हा कळतं. पहिले दोन-तीन आठवडे धोका सर्वांत जास्त.

म्हणून वाळू हातानेच बाजूला करा, फावडं किंवा खुरपं नको. प्रत्येक अंडं उचलण्याआधी, ते जागेवर असतानाच, माथ्यावर साध्या शिसपेन्सिलीने खूण करा. शाईचा मार्कर वापरू नका, कवच श्वास घेतं. अंडी धुऊ-पुसू नका. पेटीत घरट्यातलीच ओलसर वाळू दहाएक सें.मी. पसरून खूण वर ठेवून अंडी मांडा, फटींत वाळू भरा, दोनपेक्षा जास्त थर नकोत. पेटी सावलीत ठेवा, आणि खडबडीत रस्त्यावर गाडीच्या मागच्या भागात न ठेवता मांडीवर घ्या. फुटकी किंवा वास येणारी अंडी वेगळी ठेवा, बुरशी शेजारच्या अंड्यांवर चढते.

उबवण यंत्रात हवेतला दमटपणा ९५ टक्क्यांच्या वर हवा, पण अंड्यांवर थेट पाणी शिंपडायचं नाही. तापमानाचा प्रश्न नुसता जगण्या-मरण्याचा नाही. मगरींना लिंग ठरवणारी गुणसूत्रं नसतात, उबवणीच्या मधल्या काळातलं तापमान नर-मादी ठरवतं. गोड्या पाण्यातल्या मगरीत ३१ अंश सेल्सिअस आणि त्याखाली माद्या, ३२.५ अंशांच्या आसपास नर, त्याहून वर पुन्हा मिश्र. यंत्र एकाच आकड्यावर अडकवून ठेवलं की सगळी पिढी एका लिंगाची निघू शकते. नैसर्गिक घरट्यात वरची अंडी गरम, खालची थंड असतात, त्यामुळे मिश्रण आपोआप होतं. २८ अंशांखाली पिल्लं अशक्त, पोटाचा बलक पुरता न जिरलेली निघतात. ३४ च्या वर गेलं की वाकडी शेपटी, वाकडा कणा. शेवटच्या आठवड्यांत अंडी स्वतःच उष्णता सोडतात, म्हणून तापमापीचं टोक हवेत न ठेवता अंड्यांच्या मधोमध खुपसलेलं हवं. हवेतली तापमापी ३२ दाखवत असते आणि मधली अंडी शिजत असतात.

प्रश्न : घडियालाची हजारो पिल्लं वाढवून नद्यांत सोडली, तरी तो संकटातच आहे असं वाचतो. मग गेली कुठे ती पिल्लं?

उत्तर : प्रश्न नेमका आहे. १९७०च्या दशकाच्या मध्यावर जंगलातले घडियाल दोनशेच्याही आत उरले असावेत असा अंदाज होता. १९७५ साली भारतात मगर संवर्धन प्रकल्प सुरू झाला. ओडिशात टिकरपाडा इथे घडियालासाठी आणि भितरकनिकात डांगमळ इथे खाऱ्या पाण्यातल्या मगरीसाठी केंद्रं उभी राहिली. नदीतून अंडी गोळा करायची, उबवायची, पिल्लं साधारण १.२ मीटरची होईपर्यंत सांभाळायची आणि सोडायची, अशी रीत होती. रीत चुकीची नव्हती. लहान पिल्लाला बगळा, घोरपड, मोठा मासा, कोणीही खातं; मीटरभराच्या पुढे गेलं की शत्रू झपाट्याने कमी होतात.

पण १.२ मीटरचं घडियाल म्हणजे अजून पोरच. मादी वीणक्षम व्हायला अडीच मीटरच्या पुढे जावी लागते, त्याला आणखी बरीच वर्षं लागतात. तेवढी वर्षं तिला वाहतं खोल पाणी हवं, जाळी नसलेला डोह हवा, आणि शेवटी अंडी घालायला उंच, उतरती, गाळाचा थर न चढलेली वाळू हवी. वाळूउपशाने ही वाळू जाते. दोन्ही काठांवर शेती उतरली की उरलेल्या वाळूत माणसांची आणि गुरांची वर्दळ होते. वर धरण असेल तर वीणीच्या हंगामात पाणी अचानक चढतं-उतरतं. सोडलेली बरीच पिल्लं पावसाळ्यात खाली वाहून जातात, आणि बंधाऱ्याने त्यांची परतीची वाट बंद झालेली असते. सोडलेल्यांचा आकडा अहवालात वाढत राहिला, आणि प्रौढ मात्र १९९७ मधल्या अंदाजे ४३६ वरून २००६ मध्ये १८२ वर आले. त्यामुळेच २००७ मध्ये घडियालाची नोंद अतिसंकटग्रस्त यादीत झाली. त्याच वर्षीच्या हिवाळ्यात चंबळमध्ये शंभराहून जास्त घडियाल मेले. शवविच्छेदनात मूत्रपिंड निकामी होऊन सांध्यांत आणि अवयवांत युरिक आम्लाचे खडे साठल्याचं दिसलं.

आज जगातले बहुसंख्य जंगली घडियाल एकट्या चंबळ नदीत आहेत. तिथे पाणी अजून वाहतं आणि वाळूचे काठ अजून आहेत, म्हणून. तिथेच एकेका मोठ्या नराच्या राखणीत शेकडो पिल्लं एकत्र वाढताना दिसतात, काही त्याच्या पाठीवर बसलेली. अनेक माद्यांची पिल्लं एका जागी जमतात, म्हणजे एकेकट्या घरट्यापेक्षा घरट्यांची वसाहत टिकणं महत्त्वाचं.

उलट बाजूचं उदाहरण फ्लोरिडातलं. टर्की पॉइंट अणुवीज केंद्राचं पाणी थंड करणाऱ्या कालव्यांसाठी खोदलेली माती काठांवर टाकली गेली. हे मगरींसाठी केलं नव्हतं, पण पाण्याच्या वर राहणारे, मऊ, निर्मनुष्य काठ मिळाले आणि अमेरिकन मगरींनी तिथे घरटी केली. १९७५ साली संकटग्रस्त ठरवलेली तिथली ही मगर २००७ मध्ये एक पायरी कमी धोक्याच्या वर्गात आली. खर्चाचा रुपया एकच असेल तर आम्ही तो पिल्लांच्या टाकीवर न घालता मादीच्या काठावर घालू.

प्रश्न : वस्तीजवळ आलेली मगर पकडून दूरच्या जलाशयात सोडावी, अशी मागणी होते. हा कायमचा उपाय आहे का?

उत्तर : नाही. ऑस्ट्रेलियात केप यॉर्क इथे खाऱ्या पाण्यातल्या मगरी हेलिकॉप्टरने दूर नेऊन, उपग्रहाने माग ठेवून सोडल्या गेल्या. २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासातली एक मगर द्वीपकल्पाच्या दुसऱ्या किनाऱ्यावर सोडली होती. ती समुद्रातून द्वीपकल्पाला वळसा घालून चारशेहून जास्त किलोमीटर पोहून वीस दिवसांत जुन्या जागी परतली. जी परतत नाही ती नव्या ठिकाणच्या मोठ्या नराशी भांडते, जखमी होऊन काठाला लागते, आणि तिथल्या लोकांची डोकेदुखी होते. इकडे रिकाम्या झालेल्या डोहात दुसरी, बहुधा तरुण आणि जास्त भटकी मगर येते.

शेतात किंवा विहिरीत चुकून आलेली मगर जवळच्याच पाण्यात सोडणं वेगळं, ते योग्यच. पण माणसावर हल्ला केलेली किंवा खाणं मिळतं म्हणून माणसांकडे यायला शिकलेली मगर दुसऱ्या गावाच्या पदरात टाकू नये. तिची जागा कायमची बंदिस्त. आणि मगर यायला लागली तेव्हा आधी काठावर काय पडतंय ते बघा. कोंबड्यांची आतडी, मेलेली गुरं, माशांची घाण टाकणं चालू असेल तर मगर हलवून काहीच बदलणार नाही.

प्रश्न : नदीवर पाणी भरणं, धुणं याला पर्याय नाही. नेमकी काळजी काय घ्यावी?

उत्तर : मगर पाठलाग करून शिकार करत नाही, दबा धरते, आणि तुमची सवय पाठ करते. रोज त्याच वेळी, त्याच दगडावर, वाकून बसणारा माणूस तिच्या दृष्टीने सर्वांत सोपा. म्हणून जागा आणि वेळ बदलत राहा, संधिप्रकाशात आणि रात्री काठ टाळा, बादली दोरीने किंवा लांब काठीने बुडवा, मासे काठावर साफ करू नका. पाणी गढूळ असेल तर ‘काही दिसत नाही’ याचा अर्थ ‘काही नाही’ असा धरू नका. वीणीच्या हंगामात घरट्याजवळची मादी पाण्याबाहेर येऊनही अंगावर धावते.

रोजच्या घाटासाठी श्रीलंकेतली ‘किंबुल कोटुवा’ ही युक्ती उत्तम आहे: घाटासमोर अर्धवर्तुळात खांब रोवून पाण्यातच केलेलं कुंपण. दोन खांबांमध्ये वीतभरापेक्षा कमी फट, खांब तळात पक्के ठोकलेले, आणि माथा नेहमीच्या चढत्या पाण्याच्या वर. ते फसतं ते दोन कारणांनी. एक, पाण्याच्या रेषेशी लाकूड कुजतं, आणि खांब पक्का दिसला तरी नुसता उभा असतो. दर महिन्याला प्रत्येक खांब हलवून बघावा. दुसरं, पुरात पाणी कुंपणावरून जातं आणि ओसरताना मगर आत अडकते. पूर उतरल्यावर पहिल्या दिवशी काठीने आतला तळ ढवळल्याशिवाय कोणीही पाण्यात पाय घालू नये.

प्रश्न : कातडीच्या व्यापाराला परवानगी देऊन मगरी वाढल्या म्हणतात. हे पटत नाही.

उत्तर : काही ठिकाणी हे खरं आहे. ऑस्ट्रेलियाच्या नॉर्दर्न टेरिटरीत १९७१ मध्ये शिकारबंदी झाली तेव्हा खाऱ्या पाण्यातल्या मगरी ३,००० च्या आसपास उरल्या होत्या. आज पिल्लं सोडून त्या लाखाच्या घरात आहेत. तिथे जंगलातली अंडी मोबदला देऊन गोळा केली जातात. ही मगर झाडपाल्याचा ढीग करून अंडी घालते, आणि त्यांतली बहुतेक घरटी पुरात बुडतात, म्हणून काढलेली अंडी ही मुळात वाया जाणारीच. दलदल जमीनमालकाला पैसे देऊ लागली, तेव्हा ती कोरडी करण्याचा मोह कमी झाला. अमेरिकेत लुइझियानातही असंच. अंडी नेणाऱ्याला वाढवलेल्या पिल्लांचा ठराविक हिस्सा परत दलदलीत सोडावा लागतो. ॲलिगेटर १९८७ मध्ये संकटग्रस्त यादीतून बाहेर आला.

पण दोन्हीकडे आधी कडक बंदी आली, संख्या सावरली, मग व्यापार आला. हा क्रम उलटा करता येत नाही. मोजकी घरटी उरलेल्या घडियालाला किंवा फिलिपाइन्सच्या मगरीला हे लागू होत नाही. शिवाय कातड्याचा भाव फॅशनवर चालतो. तो पडला की जमीनमालकाचं प्रेमही आटतं.

कातड्यासाठी पाळलेल्या मगरींचा आणखी एक धोका संकराचा. आग्नेय आशियात सयामी मगरीचा खाऱ्या पाण्यातल्या आणि क्यूबन मगरीशी संकर केला जातो, कारण संकरित पिल्लं झपाट्याने वाढतात. दिसायला ती सयामीच वाटतात. म्हणून कंबोडियात पालनकेंद्रातून आणलेली मगर जंगलात सोडण्याआधी तिची जनुकीय तपासणी केली जाते.

प्रश्न : मगरी मासे संपवतात, अशी मासेमारांची तक्रार असते.

उत्तर : मगर शीतरक्ताची. शरीर गरम ठेवायला तिला अन्न जाळावं लागत नाही, त्यामुळे तिच्या आकाराच्या सस्तन प्राण्यापेक्षा ती फारच कमी खाते. जाळ्यांचं नुकसान मात्र खरं आहे, आणि ते दोन्ही बाजूंनी आहे. रात्रभर लावून ठेवलेल्या नायलॉनच्या जाळ्यात मगर श्वास घ्यायला वर येऊ शकत नाही आणि बुडून मरते. घडियालाचे बाहेर आलेले दात जाळ्यात असे गुंततात, की जाळं वाचवण्यासाठी जबडाच तोडल्याची उदाहरणं आहेत. मगरींच्या डोहात जाळं लावून घरी जाऊ नका, जवळ थांबून तासातासाला उचला. वीणीच्या वाळूसमोर तर लावूच नका. मगर अडकलेली दिसली तर जवळ न जाता वनखात्याला कळवा. जाळ्याची भरपाई मागा, ती मागणी रास्त आहे.

प्रश्न : मगर काठावर तासन्‌तास तोंड उघडं ठेवून का पडते? दात वाळवते का?

उत्तर : बराच काळ असं मानलं जायचं की तोंडातल्या ओलाव्यातून उष्णता बाहेर टाकण्यासाठी. ते काही अंशी खरंही आहे. पण मगरी रात्री आणि पावसातही तोंड उघडं ठेवतात, तेव्हा एवढंच कारण नसावं. हल्ल्याची तयारी मात्र ती नव्हे. दबा धरलेल्या मगरीचं तोंड मिटलेलं असतं आणि ती तुम्हाला दिसत नाही.